पाचवी पाकळी

मे महिन्यात चंद्रपूरचा पारा ४५ अंशांपुढे जातो, दुपारी रस्त्यावर चिटपाखरू नसतं आणि नेमका तेव्हाच गुलमोहर भरात येतो. ‘काय पेटलाय!’ म्हणून आपण पुढे सरकतो. एवढ्यावर त्याची बोळवण करणं मला पटत नाही. गुलमोहर दुरून पाहायचा नाही. खाली पडलेलं एक फूल तळहातावर घ्यायचं.

आधी दिसतात पाच निदलं, बाहेरून हिरवी, आतून लाल. पाकळ्या त्यांना चिकटून नसतात. प्रत्येक पाकळी आधी बारीक देठासारखी निघते आणि मग चमच्यासारखी पसरते. मधे फट राहते, तिच्यातून निदलांचा लाल डोकावतो. या नखासारख्या देठांवरूनच झाडाला ‘डेलोनिक्स’ हे शास्त्रीय नाव मिळालं. ग्रीकमध्ये त्याचा अर्थ ठळक नखं. आपल्याकडची पोरं तीच निदलं बोटांना लावून नखं करतात, ग्रीक न शिकता!

चार पाकळ्या शेंदरी-लाल. वरची पाचवी मात्र पांढरी, पिवळसर झाक असलेली, आणि तिच्यावर कुंकवाची बोटं पुसावीत तशा लाल रेघा नि ठिपके. ती अंगठ्याने झाकून पाहा. फूल लालच राहतं, पण मुकं होतं. एखादा विवादी स्वर हलकेच लागावा आणि त्याने राग उजळावा, तसं या पांढऱ्याने लालाचं होतं.

झाड मूळचं मादागास्कर बेटावरचं. १८२९मध्ये त्याचं शास्त्रीय वर्णन छापून आलं आणि ते जगभरच्या बागांत पोचलं. रानातला गुलमोहर मात्र पुढे कित्येक वर्षं कुणाला सापडत नव्हता. विसाव्या शतकात तो बेटाच्या पश्चिमेकडच्या कोरड्या रानात भेटला. तिथली पानझडी जंगलं शेतीसाठी आणि लोणारी कोळशासाठी तुटत गेली, आणि १९९८मध्ये तो धोक्यातल्या झाडांच्या यादीत लागला. पुढे त्यातून त्याचं नाव उतरलं. जंगलतोड थांबली असं मात्र नाही.

तिकडे पाऊस वर्षअखेरीस लागतो, म्हणून तो नोव्हेंबर-डिसेंबरात फुलतो. इकडे मृग जूनचा, म्हणून मे. परमुलखात येऊन त्याने महिना बदलला, पावसाआधी फुलायचा वायदा मोडला नाही.

गडचिरोलीच्या रानाने मात्र त्याला आपलं म्हटलेलं नाही. तिथे पळस सरतो, मग मोह गळतो, मग तेंदूपत्ता. मोहाखाली पहाटे टोपल्या घेऊन माणसं वेचायला येतात. गुलमोहर उभा असतो शाळेच्या आवारात, नाहीतर विश्रामगृहाच्या फाटकाशी. त्याची मुळं उथळ, लाकूड ठिसूळ. पहिल्याच वादळात फांदी आडवी होते. हे न सांगता कौतुक केलं, तर ती भाटगिरी झाली.

पण त्याच्याखाली कुणीच काही वेचत नाही, हेही खरं नव्हे. सुट्टीतली पोरं येतात, पडलेल्या फुलांतून बाकी चार पाकळ्या टाकून ती पांढरी तेवढी काढतात आणि तोंडात टाकतात. आंबट लागते. पाचवी पाकळी शोधायला मला चाळिशी लागली. त्यांना ती चवीवरूनच ठाऊक. रसग्रहण ते आणखी कशाला म्हणायचं?