कसब्यांतील दोन शेख सल्ले : एका प्रचलित हकीकतीची छाननी

मुंबई इलाख्याच्या गॅझेटिअरचा पुण्याविषयींचा भाग इ. स. १८८५ त प्रसिद्ध झाला. पुण्याच्या स्थलवर्णनापुरतें त्याचें ऋण प्रत्येक अभ्यासकावर आहे, व तें आम्हीं प्रथमच मान्य करतों. परंतु कसबा पेठेकडील थोरला व धाकटा या दोन शेख सल्ल्यांविषयीं त्यांत नोंदलेली हकीकत पुढील लेखकांनीं तपासल्यावांचून उचलली. हा विषय अलीकडे शोधापेक्षां वादाचाच अधिक झाला असल्यामुळें तिची छाननी करणें आम्हांस अगत्याचें वाटतें.

हकीकत थोडक्यांत अशी : इ. स. १२९० च्या सुमारास पुणें मुसलमानांच्या हातीं गेलें, फकीर आले, आणि पुणेश्वर व नारायणेश्वर या दोन देवालयांच्या जागीं हे दोन दर्गे झाले.

यांतील सन प्रथम पाहूं. इ. स. १२९० त देवगिरीच्या गादीवर रामचंद्र यादव होता. अल्लाउद्दिनाची देवगिरीवरील स्वारी इ. स. १२९६ ची, यादवांचें राज्य कायमचें बुडालें तें इ. स. १३१८ त, हरपालदेवाच्या वधानंतर. कोंढाण्यास वेढा घालून महंमद तुघलकानें तो नागनायकाकडून घेतला, ही गोष्ट तर त्याहूनही पुढची. मग १२९० हा सन आला कोठून ? याच वर्षीं जलालुद्दीन खिलजी दिल्लीच्या तख्तावर बसला. ‘खिलजींच्या अमदानींत’ एवढीच मूळ आठवण असून, त्या घराण्याचा आरंभीचा सन तीस मागाहून चिकटला असावा, असें आम्हांस वाटतें.

सन चुकला म्हणून घटनाच खोटी ठरत नाहीं, हें मात्र ध्यानांत ठेवावें. सन काढून टाकला तरी देवालयांची स्मृति शिल्लक राहते व तिचा विचार स्वतंत्रपणें करावा लागतो. पुणें हें स्थळ जुनें आहे यांत शंका नाहीं. राष्ट्रकूट कृष्णराजाच्या इ. स. ७५८ व ७६८ च्या ताम्रपटांत ‘पुण्य’ व ‘पूनक’ विषयांचा निर्देश आहे. तेथें प्राचीन शिवालयें असणें स्वाभाविकच होय. परंतु ‘असणें स्वाभाविक’ आणि ‘अमुक जागीं होतें’ या दोहोंमधील अंतर पुराव्यानेंच भरून निघतें, अनुमानानें नव्हे.

आतां नांवें. थोरल्या दर्ग्याचा पीर शेख हिसामुद्दीन कत्ताल झंजानी, धाकट्याचा शेख सलाहुद्दीन. ‘सल्ला’ हा उघडच सलाहुद्दिनाचा अपभ्रंश दिसतो. तसें असेल तर हिसामुद्दिनास ‘थोरला शेख सल्ला’ म्हणणें म्हणजे एकाचें नांव दुसऱ्यास लावणें होय. जी परंपरा दोन पुरुषांचीं नांवें एक करते, ती दोन स्थळांच्या दोन कथाही एक करूं शकेल. ‘झंजानी’ ही निस्बत इराणांतील कझवीन व तब्रीझ यांच्या दरम्यानच्या झंजान शहराची आहे. तिच्यावरून घराण्याचा मूळ प्रदेश सूचित होतो. स्वतः शेख तेथून आला असें सिद्ध होत नाहीं. देशस्थ घराणीं गांव सोडून पिढ्या लोटल्या तरी आडनांवांत गांव बाळगतात, तसाच हा प्रकार.

इराणचा उल्लेख आलाच आहे, तर तेथील एक उदाहरण येथें बोधप्रद होईल. इस्फहानच्या जुम्मा मशिदीच्या उत्तर घुमटावर हिजरी ४८१ चा लेख आहे. एका दरवाज्यावर हिजरी ५१५ च्या आगीनंतरच्या जीर्णोद्धाराचा. उल्जायतूच्या मेहराबावर हिजरी ७१० चा. पुढें सफवींनींही तींत भर घातली. फ्रेंच पंडित गोदार यांनीं इ. स. १९३६ त मुख्यतः लेख व बांधणी यांवरून तिचा इतिहास रचला. इ. स. १९७० नंतर इटालियन संशोधकांनीं तेथें उत्खनन केलें, तेव्हां खालीं निराळ्या किब्ल्याची आठव्या शतकांतील मशीद व तिच्याही खालीं सासानी अवशेष निघाले, आणि पूर्वीचीं कित्येक मतें सुधारावीं लागलीं. ज्या इमारतीवर एवढे सनवार लेख आहेत, तिचीही ही स्थिति. मग केवळ एका मौखिक हकीकतीवर कसब्याचा इतिहास उभारणाऱ्यांनीं किती जपून बोलावें, हें सांगणें नको.

आमच्या मतें येथें चार गोष्टी वेगळ्या तपासाव्या : पीराची कबर केव्हांची, इमारत केव्हांची, तींतील घडीव दगड कोठले, आणि कथा प्रथम कोणत्या कागदांत दिसते. कोरीव दगड सांपडला तर दगडाचा पुनरुपयोग सिद्ध होतो, जागेचा नव्हे. जोत्याची घडण मात्र जागेची साक्ष देऊं शकते. मुजावरांच्या फारशी सनदा, पेशवे दप्तरांतील इनामांचे मोडी कागद, पेठेच्या जुन्या वतनदारांचीं दप्तरें, हीं साधनें एकमेकांशेजारीं ठेवून वाचलीं पाहिजेत. संग्राहकांजवळ असे कागद असतील त्यांनीं त्यांच्या नकला, अक्षर न बदलतां, अभ्यासकांस उपलब्ध कराव्या. ते कोणाच्या बाजूस पडतात हा प्रश्न नकला उतरून घेतेवेळीं मनांत आणूं नये. गॅझेटिअरकारांनीं ऐकलेलें लिहून ठेवलें, एवढेंच त्यांचें काम होतें. तें पडताळण्याचें काम आमचें आहे, आणि तें तसेंच पडून आहे.