'रेस्टोरेशन' : दोन झेंड्यांखालचं एक जहाज

पेशवाई म्हटली की आपल्याला भोपाळात घोडदळच आठवतं. १७३७ ची लढाई तर आपल्या दारातलीच. त्या काळच्या समुद्राबद्दल वाचायचं म्हटलं, की मात्र बरेचदा इंग्रजी पुस्तकच हाती येतं. कर्नल जॉन बिडल्फ यांचं 'द पायरेट्स ऑफ मलबार' (१९०७) त्यातलंच एक. वाचनीय आहे, तपशीलही भरपूर. माझा आक्षेप त्याच्या नावापासूनच सुरू होतो.

'रेस्टोरेशन' या लढाऊ जहाजाचंच बघा. ईस्ट इंडिया कंपनीच्या मुंबईच्या आरमारातलं हे जहाज तुळाजी आंग्र्यांनी १७४९ मध्ये जिंकलं. फेब्रुवारी १७५६ मध्ये ॲडमिरल वॉटसनने विजयदुर्गावर मारा केला, तेव्हा एक गोळा नेमका याच जहाजावर पडला. आग भडकली आणि किल्ल्याच्या आसऱ्याला उभं असलेलं आंग्र्यांचं आरमार खाक झालं.

आता यातली मेख बघा. त्याच शतकात इंग्रजांनी फ्रेंचांचं जहाज धरलं, तर ती युद्धातली कमाई. ते जहाज त्यांच्या नौदलात मानाने दाखल व्हायचं. आंग्र्यांनी तेच केलं, तर चाचेगिरी! कान्होजी हे छत्रपतींचे सरखेल होते. त्यांचं दस्तक घेऊनच जहाजांनी फिरावं, हा त्यांचा आग्रह. पोर्तुगीज आपला परवाना कार्ताझ या नावाने आधीपासूनच सक्तीने घ्यायला लावत होते. मग चाचे एकटे आंग्रेच कसे? मधली सात वर्षं 'रेस्टोरेशन' आंग्र्यांकडे होतं, आणि नेमकी तीच वर्षं तिकडच्या कथनात कोरी राहतात.

आपल्याकडचं कथनही धड पुरं नाही. 'पेशव्यांनी मराठी आरमार बुडवलं' हे वाक्य आपण सर्रास फेकतो. नानासाहेबांनी तुळाजींविरुद्ध इंग्रजांशी हातमिळवणी केली, ती महागात पडली, हे खरंच. पण गोळा इंग्रजांचा होता. आणि मराठी आरमार तिथे संपलंही नाही. त्याच विजयदुर्गाच्या आनंदराव धुळपांनी १७८३ मध्ये इंग्रजांचं 'रेंजर' पकडलं.

तेव्हा बिडल्फ जरूर वाचा, तपशिलासाठी वाचा. फक्त 'पायरेट' हा शब्द दिसला, की तो कुणी, कुणाच्या बाजूने लिहिला आहे, एवढं विचारून मगच पुढे जा. 'रेस्टोरेशन'ची सेवा लिहायची, तर ती दोन्ही झेंड्यांखालची लिहायला हवी.