बर्फाच्या कप्प्यातले घर

मी मालवण तालुक्यातला शाळामास्तर. शिक्षण मॅट्रिकपर्यंतचे, चित्रकलेतले कळते असा दावा नाही. चार कादंबऱ्या लिहिल्या, आणि त्यांतल्या एकीतले स्वयंपाकघर वाचकांना आवडले, एवढीच माझी पुंजी. तरीही प्राजक्ता पोतनीस यांच्या कामाविषयी लिहिण्याचे धाडस करतो आहे. कारण त्या स्वयंपाकघराच्या बाबतीतच त्यांनी मला अडचणीत आणले आहे.

मुंबईत चित्रकला शिकलेला माझा एक जुना विद्यार्थी मे महिन्यात गावी आला, तेव्हा त्याने पोतनीसांच्या कामाचे छापील फोटो आणले होते. पोतनीसांचा जन्म १९८० चा, ठाण्याचा. शिक्षण मुंबईच्या जे. जे. कलाशाळेतले. रंगचित्र, छायाचित्र, मांडणशिल्प अशी अनेक माध्यमे त्या हाताळतात. विषय मात्र बहुधा घराभोवतीच फिरतो. घराच्या आतले आणि बाहेरचे जग यांच्यामध्ये एक भिंत असते, आणि ती भिंत पाझरते, हे त्यांचे मुख्य म्हणणे. पावसाळ्यात ओल धरणाऱ्या भिंतींत जन्म काढलेल्या आम्हां कोकण्यांना हे वेगळे समजावून सांगायला नको.

त्यांच्या छायाचित्रांत फ्रीजमधला बर्फाचा कप्पा दिसतो. साचलेला पांढरा बर्फ, आणि त्यात एक फ्लावरचा गड्डा. प्रथम तो नुसता फ्लावर असतो. मग नजर ठरते आणि तो अणुबाँबच्या स्फोटाचा ढग होतो. भाजीला काहीही केलेले नाही. ती केवळ योग्य जागी ठेवली आहे. उपमा शोधण्यासाठी रात्री जागवणाऱ्या माझ्यासारख्याला या साधेपणाचा हेवा वाटावा.

हा ढग फ्रीजमध्ये उगाच आलेला नाही. २४ जुलै १९५९ रोजी मॉस्कोतल्या अमेरिकन प्रदर्शनात एका नमुन्याच्या स्वयंपाकघरापुढे उभे राहून अमेरिकेचे उपाध्यक्ष निक्सन आणि रशियाचे क्रुश्चेव्ह यांची जुंपली. कोणाची राज्यपद्धती श्रेष्ठ, याचा वाद धुलाईयंत्राच्या साक्षीने झाला. ‘किचन डिबेट’ या नावाने तो प्रसिद्ध आहे. तेच नाव पोतनीसांनी २०१४ साली बर्लिनमधल्या आपल्या प्रदर्शनाला दिले. त्या वादात स्वयंपाकघर होते, यंत्रे होती, दोन पुढारी होते. रोज तिथे राबणारी बाई काय म्हणते, हे कोणी विचारले नाही.

आता माझी अडचण. ते फोटो मी पत्नीला दाखवले. तिने एकच पाहिला आणि म्हणाली, “हो तर आमचोच फ्रीज! पण थंय फ्लावर ठेवल्यान कोणी, ता खंय दिसता?”

हा आक्षेप खोटा नाही. या छायाचित्रांत माणूस नाही, हात नाही, वास नाही. आमच्याकडे १ जून ते ३१ जुलै मासेमारी बंद असते. तेव्हा बर्फाच्या कप्प्यातली सुरमई म्हणजे कोणीतरी आधी मोजून, कापून, पिशव्यांत बांधून ठेवलेला हिशेब असतो. पोतनीसांची थंड, स्वच्छ नजर त्या हिशेबापर्यंत पोचत नाही, असे मलाही प्रथम वाटले.

पण मग मी माझी कादंबरी उघडली. तिच्यात आई आहे, चूल आहे, धुराने लाल झालेले डोळे आहेत. आणि त्या डोळ्यांना मी ‘वात्सल्याची लाली’ म्हटले आहे! त्या बाईला धुराचा त्रास होत होता, एवढे साधे वाक्य मला पाच पानांत लिहिता आले नाही. मी बाईला चुलीपुढे बसवली आणि तिची ओळखच पुसून टाकली. पोतनीस बाईला दाखवत नाहीत. म्हणूनच तिची आठवण होते. माझ्या पत्नीला तो प्रश्न सुचला, तो या चित्रामुळे. माझी कादंबरी तिने दोनदा वाचली आहे, आणि तेव्हा तिने काहीही विचारले नव्हते.

तरी तिचा आक्षेप मी पुरता मागे घेत नाही. रिकामी जागा दाखवणे हे मोठे काम आहे. ती भरणे हे दुसरे काम आहे, आणि ते कदाचित आम्हां लिहिणाऱ्यांचे असेल. मे २०२१ मध्ये तौक्ते वादळात आमच्याकडची वीज दिवसचे दिवस गेली. चौथ्या दिवशी पत्नीने फ्रीजमधले सगळे मासे काढून माडाच्या बुंध्याशी पुरले. मी पडवीत बसून वादळावर लेख लिहीत होतो. तिने किती मासे पुरले, कितीचे होते, पुढचे दोन महिने घर कशावर चालवायचे ठरवले, यातले एक अक्षर त्या लेखात नाही.

हे फोटो पाहिल्यानंतर मी तिला ते विचारले. तिला रुपये-पैशांसकट सगळे आठवत होते.