नट चंद्रमोहन : कीर्ति व साधनें

एखाद्या पुरुषाविषयीं प्रत्येक बखरींत एकच गुण पुनःपुन्हां आढळूं लागला कीं संशोधकानें सावध व्हावें. हिंदी बोलपटांतील नट चंद्रमोहन (१९०६–१९४९) यांचें असेंच झालें आहे. त्यांचे मोठे घारे डोळे, एवढेंच जो तो लिहितो. ही कीर्ति कोठून आली तें प्रथम पाहूं.

तिचा उगम पुण्याचा. प्रभात कंपनी कोल्हापुराहून पुण्यास आल्यावर १९३४ सालीं तिचा 'अमृतमंथन' मराठी व हिंदी अशा दोन भाषांत निघाला. कथा एक, दिग्दर्शक शांताराम हेच; पण बलिदानाचा कैवारी राजगुरु मराठींत केशवराव दाते यांनीं केला, हिंदींत चंद्रमोहन यांनीं. पोथ्यांच्या परिभाषेंत या एका ग्रंथाच्या दोन वाचना होत. हिंदी वाचनेच्या आरंभींच राजगुरूचा एक डोळा सबंध पडदा व्यापतो. हें कसब मुख्यतः टेलिफोटो भिंगाचें, दिग्दर्शकाचें व छायालेखक केशवराव धायबर यांचें आहे. तें सगळें नटाच्या पदरीं घालणें म्हणजे लेखनिकाच्या वळणदार अक्षराचें श्रेय ग्रंथकारास देणें होय.

नटाचें स्वतःचें असें जें कांहीं आहे तें 'पुकार' (१९३९) मध्यें सांपडतें. सोहराब मोदी यांच्या या चित्रांत चंद्रमोहन जहांगीर झाले आहेत. न्यायाची सांखळी खरी. ती सोन्याची, ३० गज लांबीची व ६० घंटांची होती असें जहांगीरनें आत्मचरित्रांत नमूद केलें आहे. परंतु नूरजहानच्या बाणानें धोबी मरतो आणि बादशहा त्याच्या विधवेपुढें आपली छाती करतो, हा प्रसंग त्या ग्रंथांत नाहीं; ती दंतकथा. आमच्यासारख्या कागदपत्रांच्या माणसानें येथें उठून जावें. तसें होत नाहीं, याचें कारण चंद्रमोहन यांची वाणी. मोदी पारशी रंगभूमीच्या गर्जनेनें बोलतात. हे त्यांच्यासमोर शब्द तोलून, सावकाश बोलतात, आणि पति व न्यायाधीश यांची ओढाताण त्या सावकाशींतच कळते. डोळे तेथें गौण आहेत.

पुढें 'रोटी' (१९४२) मधील लक्ष्मीदास शेट गाजला. मात्र त्यांत डोळे वटारण्याची जी संवय दिसते, ती कीर्तीनेंच लावली असावी. 'शहीद' (१९४८) मधील रायबहादुर बाप अधिक संयत आहे.

१९४६ सालीं के. आसिफ यांनीं आरंभिलेल्या 'मुगल-ए-आझम'मध्यें अकबराची भूमिका चंद्रमोहन यांची होती. फाळणीनंतर भांडवल पुरविणारे शिराज अली हकीम पाकिस्तानांत गेले, एप्रिल १९४९ मध्यें चंद्रमोहन वारले, आणि १९६० सालीं लोकांनीं पाहिला तो अकबर पृथ्वीराज कपूर यांचा. त्या पहिल्या खर्ड्याचा एखादा तुकडा, निदान एखादें स्थिरचित्र, कोणा संग्राहकाच्या दप्तरांत असल्यास त्यानें तें कोठून मिळालें याच्या टिपणासह प्रसिद्ध करावें.