पुस्तकातले शेजारी

मराठी माणूस शेजाऱ्याविषयी दोनच प्रसंगी चांगलं बोलतो. एक, शेजारी बिऱ्हाड हलवून दुसरीकडे गेला म्हणजे. आणि दोन, तो पुस्तकात गेला म्हणजे. भिंतीपलीकडे पहाटे पाचला घसा खाकरणारा गृहस्थ हा उपद्रव असतो. तोच गृहस्थ छापून आला, की 'काय अस्सल वल्ली आहे हो!' म्हणत आपण पान दुमडून ठेवतो आणि रात्री जेवताना घरच्यांना वाचून दाखवतो. घसा तोच, खाकरणंही तेच. फरक एवढाच, की पुस्तक मिटता येतं.

म्हणून शेजाऱ्यांवरच्या पुस्तकांकडे थोडं संशयानं पाहावं, अशा मताचा मी आहे. 

आपल्या वाङ्मयातला शेजारी ढोबळ मानानं तीन प्रकारचा. मागणारा, सांगणारा आणि बघणारा. मागणारा वाटीभर साखर, इस्त्री, शिडी आणि आजचं वर्तमानपत्र मागतो. सांगणारा फुकट सल्ला देतो. आणि बघणारा काही न मागता, काही न सांगता आपल्याकडे कोण आलं, किती वाजता आलं आणि जाताना हातात पिशवी होती की नव्हती, याची नोंद ठेवतो. या तिघांच्या भांडवलावर मराठी विनोदी लेखकांच्या दोन-तीन पिढ्या जगल्या. बिचाऱ्या शेजाऱ्यांना त्यातला एक पैसा मानधन मिळालं नाही.

यातल्या 'सांगणाऱ्या'चं महाकाव्य म्हणजे पु. ल. देशपांड्यांची 'बटाट्याची चाळ'. १९५८ साली हे पुस्तक आलं आणि तेव्हापासून चाळीत न राहिलेल्या माणसांनाही आपण चाळीत वाढल्यासारखं वाटू लागलं. त्यातला 'उपास' आठवा. एका माणसानं वजन उतरवायचं मनावर घेतलं, एवढीच काय ती घटना. पण चाळीत वजन हे खाजगी नसतं. प्रत्येक बिऱ्हाडाचा आहारशास्त्रावर स्वतंत्र ग्रंथ तयार! एक म्हणतो अमुक सोडा, दुसरा म्हणतो तमुक सोडा, आणि सगळ्यांचं ऐकायचं म्हटलं तर प्राण सोडण्याखेरीज काही शिल्लक राहत नाही. 'गच्चीसह झालीच पाहिजे'मध्ये हीच माणसं गच्चीसाठी चळवळ उभारतात आणि संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्याचा थाट एका गच्चीला चढतो. पुढे पुलंनी ही चाळ एकट्यानं रंगमंचावर उभी केली. इतके शेजारी एका माणसात गुण्यागोविंदानं राहिल्याचं हे एकमेव उदाहरण असावं.

या पुस्तकाचं मोठेपण मला कशात वाटतं, तर लेखक गॅलरीच्या बाहेर खुर्ची टाकून बसलेला नाही. तो आतच आहे. चाळीला हसतो तेव्हा स्वतःलाही हसतो. म्हणून तर शेवटच्या 'चिंतना'त सूर उतरला, की आपल्याही घशात काहीतरी अडकतं. नंतर आलेल्या नकलांना हे साधलं नाही. एक विसरभोळा मास्तर, एक तापट पेन्शनर, कठड्यावरून वाकलेली एक काकू आणि एक तुंबलेला नळ घेतला, की दिवाळी अंकाचा मजकूर तयार, अशी समजूत होऊन बसली. त्या चाळींत माणसं पुष्कळ असतात, पण शेजार नसतो.

एक प्रश्न मात्र 'चाळ' पुन्हापुन्हा वाचूनही सुटत नाही. या सगळ्या मंडळींना खोल्या मिळाल्या कशा? त्रिलोकेकर, कोचरेकर, सोमण, रेगे, बर्वे... आडनावं वाचत गेलं तर तऱ्हा पुष्कळ दिसतात, पण सगळ्या पांढरपेशा. यात पुलंना बोल लावायचं कारण नाही. त्यांनी जी चाळ पाहिली ती लिहिली. पण दाराशी कुणी येऊन परत गेलं असेल काय, हे त्या चाळीतून कळणं शक्य नाही. ते कळायला दुसरं पुस्तक उघडावं लागतं.

ते म्हणजे बाबुराव बागुलांचं 'जेव्हा मी जात चोरली होती', साल १९६३. म्हणजे दोन पुस्तकांत अंतर अवघ्या पाच वर्षांचं. शीर्षककथेतला तरुण रेल्वेत नोकरीला लागून परगावी येतो. चांगला शिकलेला, बोलण्यात तरबेज. लोक त्याला मानानं घरी नेतात, जेवू घालतात. आतिथ्यात कुठं कमी नाही. फक्त त्याची जात त्यांना ठाऊक नाही. ती कळते तेव्हा तीच माणसं त्याला मारतात. तीच, हे महत्त्वाचं. कुणी गुंड बाहेरून आलेले नाहीत. मागणारा, सांगणारा, बघणारा, या आपल्या तीन लाडक्या शेजाऱ्यांच्या पंगतीत हा चौथा येऊन बसतो: विचारणारा. आणि त्याला हसता येत नाही.

हा चौथा अजून हयात आहे बरं का. आमच्या इमारतीत समोरचा ब्लॉक भाड्यानं द्यायचा होता. एक तरुण पाहायला आला. बँकेत नोकरी, इस्त्रीचा शर्ट, बायको शिक्षिका. कमिटीतल्या एका गृहस्थांनी आधी गाव विचारलं, मग आडनाव विचारलं, त्यावरून उलगडा होईना तेव्हा 'खाण्यापिण्याचं कसं काय?' असं अगदी मायेनं विचारलं. दोन दिवसांनी मालकाचा विचार बदलल्याचं कळलं. या गृहस्थांच्या दिवाणखान्यात पुलंचा अख्खा संच आहे, कव्हरं घातलेला. बटाट्याची चाळ पाडली गेली तर ते रडतील. चाळीतली माणसं भाड्यानं राहायला आली, तर मात्र आडनावं तपासून घेतील.

तिसरं पुस्तक किरण नगरकरांचं, 'रावण आणि एडी'. १९९५ साली इंग्रजीत आलेली ही कादंबरी माझगावच्या चाळीची. सर्वांत वरच्या मजल्यावर ख्रिस्ती, त्याखाली हिंदू. एक तान्हं पोर वरून पडतं ते नेमकं खालून जाणाऱ्या शेजाऱ्याच्या अंगावर. पोर वाचतं, माणूस जातो; आणि त्याच्या मागे राहिलेला मुलगा व हे पोर पुढे एकाच जिन्यानं चढत-उतरत वाढतात. एकाची जमीन ती दुसऱ्याचं छत, पण दोघांची आयुष्यं दोन रुळांसारखी शेजारून धावतात. नगरकर भरपूर हसवतात, कधी कधी वाह्यातपणानं. पण शेजारचा माणूस आपल्याला ठाऊक असतो, हा जो आपला समज आहे, तो ते पार मोडून टाकतात. आमच्या वरच्या मजल्यावर वरवंटा किती वाजता फिरतो ते मी सांगू शकतो. फिरवणाऱ्या बाईंना कशाचं दुःख आहे, ते नाही.

आता चाळीच जायला लागल्या आहेत. २०२५च्या ऑगस्टमध्ये वरळीच्या बीडीडी चाळींतल्या ५५६ कुटुंबांना नव्या घरांच्या चाव्या मिळाल्या. १६० चौरस फुटांच्या खोलीतून ५०० चौरस फुटांत, आणि संडास घरात. ज्यांनी सकाळी टमरेल घेऊन रांग धरलेली नाही, त्यांनी चाळीच्या आठवणीनं उगाच गळा काढू नये. शेजारधर्म जागेच्या टंचाईवर उगवतो असं म्हणणं हा शेजारधर्माचा अपमान आहे. मात्र बंद दाराला बारीक भिंग बसवून घेतलं, की फक्त 'बघणारा' तेवढा उरतो, हेही खरं.

शेजारी निवडता येत नाही, असं आपण फार पूर्वीपासून म्हणत आलो. ही तीन पुस्तकं ओळीनं वाचली, की हे वाक्य कुणाच्या तोंडी शोभतं आणि कुणाच्या नाही, ते ध्यानात येतं. आपण निवडतच असतो. पाटी तेवढी लावत नाही.

त्यामुळे आमच्या घरी मी एक नियम केला आहे. 'बटाट्याची चाळ' मागायला येणाऱ्याच्या हातात बागुलांचं पुस्तकही ठेवायचं. एक न्याल तर दोन्ही न्यावी लागतील. वरच्या मजल्यावरच्या काकूंनी परवा दोन्ही नेली. पहिलं चार दिवसांत परत आलं, हळदीच्या एका डागासकट. दुसरं महिना झाला तरी आलेलं नाही. जिन्यात भेटल्या तेव्हा म्हणाल्या, "अजून वाचतेय. घाई करू नका."

शेजारी गेलेलं पुस्तक परत आलं नाही, की माझा जीव खालीवर होतो. या खेपेला तसं काही झालेलं नाही.