एक तारा पुरे

ग्रहण लागण्याआधीच्या काळाला आपण ‘वेध’ म्हणतो आणि आकाश न्याहाळण्यालाही ‘वेध घेणं’ म्हणतो. आयझॅक असिमॉव्हला हा श्लेष ठाऊक असण्याचं कारण नाही. तरी त्याची ‘नाइटफॉल’ ही कथा नेमकी याच दोन अर्थांच्या मध्ये उभी आहे. वेधशाळेत वेध लागलेले आहेत. खग्रास व्हायला चार तासही उरलेले नाहीत आणि ते ग्रहण पाहायला बसलेल्या माणसांनी आयुष्यात रात्र पाहिलेली नाही.

लगॅश ग्रहाला सहा सूर्य. एक मावळेपर्यंत दुसरा वर आलेला असतोच. ‘तारे’ हा शब्द एका पंथाच्या पोथीत तेवढा उरलाय. विज्ञानाच्या लेखी ती भाकडकथा. मात्र सारो विद्यापीठाच्या गणितात ग्रहाची कक्षा जुळत नाही, म्हणून कधीच न दिसणारा एक चंद्र गृहीत धरावा लागतो. (युरेनसच्या अशाच चुकणाऱ्या हिशेबातून 1846 मध्ये नेपच्यून सापडला होता.) हा चंद्र दर 2049 वर्षांनी, आकाशात एकटाच उरलेला तांबडा सूर्य बीटा झाकतो. उत्खननात एकाखाली एक नऊ संस्कृती सापडल्या आहेत, सगळ्या जळून गेलेल्या.

सप्टेंबर 1941 मध्ये ‘अस्टाउंडिंग सायन्स फिक्शन’मध्ये कथा छापून आली तेव्हा लेखक 21 वर्षांचा होता. बीज संपादक जॉन कॅम्पबेल यांचं. तारे हजार वर्षांतून एकदाच दिसले तर माणसं भक्तीने भारावतील, असं निबंधकार एमर्सनला वाटलं होतं. कॅम्पबेल म्हणाले, वेडी होतील.

कथेचा मोठा भाग एका खोलीतलं बोलणं आहे, आणि हा दोष बरेच जण दाखवतात. मला तो दोष वाटत नाही. कीर्तनात पूर्वरंग लांबला तरी श्रोते उठत नाहीत, कारण मागे मृदंग चालू असतो. इथे मृदंगाचं काम खिडकीतला तांबडा उजेड करतो. पत्रकार थेरेमन टवाळी करतो, मानसशास्त्रज्ञ शीरिन गमतीदार उत्तरं देतो आणि दर दोन-तीन पानांनी तो उजेड थोडा उतरतो. वेधशाळेत एकही बाई बोलत नाही, ही उणीव मात्र खरीच.

या पूर्वरंगात असिमॉव्ह एकच गोष्ट घोटून घोटून सांगतो: अंधाराची भीती. जत्रेतल्या काळोख्या बोगद्यातून पंधरा मिनिटं फिरून आलेली माणसं कायमची बिथरतात. शीरिन नुसते पडदे ओढायला लावतो, तर थेरेमनचा आवाज बदलतो. मग येतात चुडी. दुसरा शब्द मला सुचत नाही. पाणथळातल्या लव्हाळ्यांच्या, चरबीत बुडवलेल्या, धूर ओकणाऱ्या. घासलेट न मिळणाऱ्या खेड्यात वाट दाखवायला पेटवत तसल्या. सूर्य मोजणारे विद्वान त्या पिवळ्या, घाणेरड्या वासाच्या उजेडाभोवती गोळा होतात. दार बंद करायला काळोख्या जिन्यात उतरलेला थेरेमन तर ती चूड अशी कवटाळतो, की तिचा मुका घेईल. दिव्याचं माणसाशी काय नातं असतं, याचं इतकं अंगाला लागणारं वर्णन मी क्वचितच वाचलंय. वीज गेल्यावर मेणबत्ती शोधणाऱ्या हाताला ते लगेच कळतं.

आणि इथेच लेखक आपल्याला फसवतो. सगळी तयारी अंधाराची करून घेतो आणि मारतो उजेडाने.

या फसवणुकीची खूण त्याने आधीच ठेवलेली असते. फॅरो आणि यिमट हे दोन तरुण काळ्या मखमलीने मढवलेली खोली तयार करतात, छताला भोकं पाडतात, वर झाकणं बसवतात आणि एकदम उघडतात. तारे कसे दिसत असतील, ते बघायला. काहीच होत नाही. भोकं पाडलेलं छत दिसतं, बस्स. वाचताना हसू येतं. प्रयोगात चूक एकच होती: भोकांच्या पलीकडे काही नव्हतं. लगॅश एका दाट तारकागुच्छात आहे. ग्रहण पूर्ण होताच तीस हजार सूर्य उघडतात, आणि आपण सहा सूर्यांना विश्व समजत होतो हे वेधशाळेच्या संचालकाला कळतं. तो लहान मुलासारखा रडतो.

या शेवटच्या पानात एक परिच्छेद पृथ्वीवरच्या ताऱ्यांशी तुलना करतो. तो कॅम्पबेल यांनी घातलेला आहे आणि असिमॉव्हला तो आवडला नव्हता. असिमॉव्हचंच बरोबर होतं. लगॅशवर पृथ्वीचं नावही कुणाला माहीत नाही; तिची आठवण निघताच आपण त्या घुमटाबाहेर फेकले जातो. शिवाय तुलनेची गरजच नव्हती. ज्या उजेडाने ही माणसं वेडी होतात तो आपल्या गच्चीवरचाच आहे. आपण त्याला चांदणं म्हणतो आणि त्यात गाद्या टाकतो.

पुन्हा वाचताना मी दरवेळी बीनेच्या एका सूचनेपाशी थांबतो. हा तरुण खगोलशास्त्रज्ञ कॅमेरे लावतो आणि सोबत्यांना समजावतो: एका चौकटीत दोन तारे पकडायच्या नादाला लागू नका, एक पुरे. भान सुटतंय असं वाटलं तर कॅमेऱ्यापासून दूर व्हा.