वळवलेले डोळे : यूजीन स्मिथच्या छायाचित्र-निबंधांविषयी

मृताच्या घरी सांत्वनाला जाणे हा माझ्या सेवेचा नित्याचा भाग आहे. त्यामुळेच असेल कदाचित, अमेरिकन छायाचित्रकार डब्ल्यू. यूजीन स्मिथ याच्या चित्रांपैकी जे माझ्या मनात घर करून राहिले, ते एका मृत्यूच्या घरातले आहे. १९५० साली स्पेनमधील एक्स्त्रेमादुरा भागातल्या देलेइतोसा या दरिद्री खेड्यात त्याने ते टिपले. निश्चल पडलेला एक वृद्ध, त्याच्याभोवती काळ्या वस्त्रांतल्या स्त्रिया आणि दाट काळोखातून वर आलेले त्यांचे चेहरे. जुन्या धार्मिक तैलचित्रांतली गंभीर शांतता या कृष्णधवल चित्रात उतरली आहे. १९५१ च्या एप्रिलमध्ये ‘लाइफ’ साप्ताहिकाने ‘स्पॅनिश व्हिलेज’ हा निबंध छापला, तेव्हापासून हे चित्र अभिजात मानले गेले.

पुढे या चित्राची एक हकिकत उजेडात आली. मूळ निगेटिव्हमध्ये दोन स्त्रिया सरळ कॅमेऱ्याकडे पाहत होत्या. स्मिथने डार्करूममध्ये त्यांचे डोळे गडद केले आणि रसायनात भिजवलेल्या बारीक कुंचल्याने बुबुळांशेजारी नवा पांढरा अंश काढून त्यांची नजर दुसरीकडे वळवली. चित्राची एकाग्रता वाढली यात शंका नाही. पण मृत्यूच्या घरी आलेल्या परक्या माणसाकडे त्या स्त्रियांनी मान वर करून पाहिले होते, हेही त्या क्षणाचे सत्य होते. ते सत्य छायाचित्रकाराने पुसले आणि त्याबरोबर त्या खोलीतले स्वतःचे अस्तित्वही पुसले. स्मिथच्या थोरवीचा विचार करताना मला या वळवलेल्या डोळ्यांपाशी पुन्हा पुन्हा थांबावे लागते.

स्मिथचा जन्म १९१८ साली कॅन्सस राज्यातल्या विचिटा गावी झाला. आईचा धर्म कॅथलिक. कॅमेऱ्याची गोडीही तिच्याकडूनच लागलेली. वडील धान्याचे व्यापारी होते. मंदीत त्यांचा धंदा बुडाला आणि १९३६ साली त्यांनी स्वतःचे जीवन संपवले. वृत्तपत्रांनी त्या मृत्यूचे केलेले वर्णन आणि मुलाला ठाऊक असलेले सत्य यांत मोठे अंतर होते. या धंद्यात राहावे की नाही, असा प्रश्न विशीही न गाठलेल्या त्या मुलाला पडला. तो राहिला, पण आपण टिपू ते प्रामाणिक असेल, असा निश्चय करून. नोत्र दाम या कॅथलिक विद्यापीठाने दिलेली शिष्यवृत्ती थोड्याच महिन्यांत सोडून तो न्यूयॉर्कला गेला. दुसऱ्याच्या लेखणीखाली आपले दुःख सापडले म्हणजे काय होते, हे त्याने मुलगा म्हणून सोसले होते. पुढच्या साऱ्या प्रवासाची कसोटी त्यातच आहे.

महायुद्धात त्याने सायपान, इवो जिमा आणि ओकिनावा या बेटांवर काम केले. मे १९४५ मध्ये ओकिनावावर तोफगोळ्याच्या तुकड्याने त्याचा चेहरा व हात जखमी झाले. सुमारे दोन वर्षे शस्त्रक्रियांत गेली. १९४६ साली कॅमेरा पुन्हा हाती घेऊन त्याने आपल्याच दोन चिमुकल्या मुलांचे पाठमोरे चित्र टिपले : झाडीच्या अंधारातून उजेडाकडे चाललेली ती भावंडे. एडवर्ड स्टायकेन यांच्या १९५५ च्या ‘द फॅमिली ऑफ मॅन’ या प्रदर्शनाचा समारोप याच चित्राने झाला. ते लोकप्रिय झाले, तरी मला ते स्मिथच्या प्रतिभेचे खरे प्रमाण वाटत नाही. ते प्रमाण त्याच्या छायाचित्र-निबंधांत आहे.

१९४८ चा ‘कंट्री डॉक्टर’ घ्या. कोलोरॅडोतल्या क्रेमलिंग या लहानशा गावातले डॉ. अर्नेस्ट सेरियानी यांच्यासोबत स्मिथ तीन आठवड्यांहून अधिक काळ राहिला. आरंभी तर तो फिल्म न भरताच कॅमेऱ्याची कळ दाबत असे, म्हणजे डॉक्टरांना त्याची सवय व्हावी. निबंधातले सर्वांत बोलके चित्र आहे ते थकलेल्या डॉक्टरांचे. बाळंतपणाच्या शस्त्रक्रियेत आई आणि मूल दोघेही दगावल्यावर ते स्वयंपाकघरात हाती कॉफीचा पेला घेऊन उभे आहेत. वैद्यकसेवेचा गौरव करणाऱ्या निबंधात पराभवाला असे स्थान देणे, ही स्मिथची प्रामाणिकता.

१९५१ च्या डिसेंबरातला ‘नर्स मिडवाइफ’ हा निबंध मला याहूनही श्रेष्ठ वाटतो. वर्णभेदाने दुभंगलेल्या साउथ कॅरोलायनात खेडोपाडी फिरणाऱ्या मॉड कॅलन या कृष्णवर्णीय परिचारिका-सुईण. दिव्याच्या अपुऱ्या उजेडात बाळंतिणीजवळ वाकलेल्या कॅलनबाईंच्या चेहऱ्यावर कौशल्य आणि माया यांची सीमारेषा दिसत नाही. स्मिथने त्यांच्यावर दयेची दृष्टी टाकलेली नाही. तो त्यांच्या कामाकडे आदराने पाहतो. ‘लाइफ’च्या वाचकांनी न मागता हजारो डॉलर पाठवले आणि त्यातून १९५३ साली कॅलनबाईंचे चिकित्सालय उभे राहिले. चित्राने घेतलेले ऋण इथे फिटले, असे म्हणता येईल.

परंतु असे प्रत्येक वेळी घडले नाही. १९५४ साली डॉ. अल्बर्ट श्वाइट्झर यांच्या लांबारेने येथील कार्यावर त्याने निबंध केला. त्याच्या आरंभीच्या चित्रात करवतीची मूठ आणि एका हाताची छाया दुसऱ्या निगेटिव्हमधून आणून बसवलेली आहे, हेही पुढे कळले. गंमत अशी, की चित्रांच्या मांडणीवरील आपला अधिकार संपादक डावलतात म्हणून याच निबंधावरून स्मिथने ‘लाइफ’चा राजीनामा दिला! आपल्या चित्रात दुसऱ्याने ढवळाढवळ करू नये, यासाठी त्याने नोकरी सोडली; चित्रातल्या माणसांचा त्या चित्रावर काही अधिकार असतो का, हा प्रश्न मात्र तेव्हा त्याच्यापुढे नव्हता. त्यानंतर पिट्सबर्ग शहरावरच्या एका पुस्तकासाठी काही आठवड्यांत शंभरेक चित्रे देण्याचे काम मिळाले. त्याची त्याने हजारो निगेटिव्हांची अनेक वर्षांची तपश्चर्या केली आणि शेवटी १९५९ साली प्रसिद्ध झालेली मांडणी त्यालाच अपयश वाटली. सर्वस्व सांगण्याच्या हव्यासात कलावंत कसा हरवतो, याचे हे उदाहरण. त्यावर अधिक रेंगाळण्याचे कारण नाही.

१९७१ साली पत्नी आयलीन यांच्यासह स्मिथ जपानमधील मिनामाताला गेला. तेथील चिस्सो कंपनीचा कारखाना कित्येक दशके पाऱ्याचे विषारी संयुग समुद्रात सोडत होता. मासळी खाणाऱ्या कोळी कुटुंबांत विकलांगता आणि मृत्यू आले. १९५६ साली रोगाची अधिकृत नोंद होऊनही विष सोडणे १९६८ पर्यंत चालूच राहिले. जानेवारी १९७२ मध्ये पीडितांसोबत कंपनीच्या दुसऱ्या एका कारखान्यात गेलेल्या स्मिथला इतकी मारहाण झाली, की त्याची दृष्टी कायमची अधू झाली. पुढे आलेल्या ‘मिनामाता’ या ग्रंथाच्या आरंभी, हा ग्रंथ तटस्थ नाही, असे त्याने स्वतःच बजावून ठेवले आहे. देलेइतोसात स्वतःला चित्रातून पुसणारा स्मिथ इथे समोर येऊन उभा राहतो.

या ग्रंथातले जगप्रसिद्ध चित्र डिसेंबर १९७१ मधले आहे. गर्भातच विष भिनलेल्या पंधरा वर्षांच्या तोमोकोला तिची आई न्हाणीच्या टाकीत हातांवर तोलून धरते. मुलीची दृष्टी वर कुठेतरी लागलेली, आईची मुलीच्या चेहऱ्यावर. मायकेलअँजेलोच्या ‘पिएता’ची आठवण समीक्षकांना झाली, ती योग्यच होती. मात्र इथली लेक जिवंत आहे, हे विसरता कामा नये. आपल्या पोटातले विष या लेकराने स्वतःवर घेतले आणि आपण व धाकटी भावंडे वाचलो, म्हणून आई तिला घरचा ठेवा म्हणत असे. आईने संमतीने हे चित्र घेऊ दिले होते. लेक मात्र संमतीही देऊ शकत नव्हती आणि नकारही.

तोमोको १९७७ साली वारली, पुढच्याच वर्षी स्मिथ. चित्र जगभर फिरत राहिले. लेकीला आता विश्रांती मिळावी, अशी आईवडिलांची इच्छा होती. ती जाणून आयलीन यांनी १९९८ साली या चित्राबाबतचा निर्णय त्यांच्या हाती सोपवला आणि ते नव्याने छापणे थांबले. इतके परिणामकारक चित्र झाकून ठेवणे म्हणजे सत्याला झाकणे, असा आक्षेप तेव्हा घेतला गेला. २०२० च्या ‘मिनामाता’ या चित्रपटात ते पडद्यावर दिसले आणि तो वाद पुन्हा जागा झाला.

आक्षेप हलका नाही. चित्र नसते तर जगाने मिनामाताकडे पाहिले असते का? तरीही माझे मत आयलीन यांच्या बाजूने झुकते. साक्ष देणे हे चित्राचे काम होते आणि ते त्याने केले. साक्ष देऊन झाल्यावर साक्षीदाराला घरी जाण्याचा अधिकार असतो. देलेइतोसातल्या त्या दोन स्त्रियांना तो अधिकार मागता आला नाही; त्यांची नजरच कोणी वळवून टाकली होती. तोमोकोच्या आईवडिलांनी मात्र चित्राच्या आतून बाहेर, आपल्याकडे सरळ पाहिले. स्मिथच्या चित्रांचा संग्रह चाळताना त्यांची ती नजर आपल्यावर आहे एवढे लक्षात ठेवले, तर ती चित्रे अधिक चांगली दिसतात, असा माझा अनुभव आहे.